लखीरामच्या फोटोवरचा हार

मिताली वझलवारचे तोपर्यंत दोन सिनेमे झाले होते आणि तिच्या घरी दोन्ही सिनेमांचा विषय कुणी काढत नसे. घर कळंबला. वडील वामनराव तहसील कचेरीतून निवृत्त झालेले. ज्या कामाला पेन्शन नाही ते काम नव्हे, छंद, असं त्यांचं मत होतं. छंदाला त्यांचा विरोध नव्हता. ते स्वतः पोस्टाची तिकिटं जमवायचे, फक्त ती जमवायला शिकण्यासाठी ते पुण्याला जाऊन राहिले नव्हते.

पहिला सिनेमा म्हणजे गुरांच्या बाजारावरचा माहितीपट. त्यात मितालीने दिसेल त्या माणसाला प्रश्न विचारले. प्रश्न विचारला की माणूस आधी टोपी सरळ करायचा, मग खाकरायचा, आणि मग पंधरा ऑगस्टला झेंड्यासमोर बोलतात तसं बोलायला लागायचा. एका दलालाने तर 'अध्यक्ष महाशय' म्हणून सुरुवात केली. समोर अध्यक्ष नव्हते, म्हैस होती. म्हशीने मात्र शेवटपर्यंत ऐकून घेतलं आणि पूर्ण माहितीपटात तेवढी एकटीच नैसर्गिक दिसली.

दुसरा सिनेमा चांगला गोष्टीचा, नटनट्या असलेला. तो दिग्रसच्या टॉकीजला एक आठवडा चालला. त्यातले शेवटचे काही दिवस पुढच्या सिनेमाची पेटी पुसदहून यायची राहिली म्हणून चालला. आई विमलताईंनी तो पुन्हा पुन्हा जाऊन पाहिला, प्रत्येक वेळी झोपल्या, आणि घरी येऊन सांगितलं की बरं वाटलं, डोकं शांत झालं.

या दोन सिनेमांवरून मितालीने स्वतःसाठी एक नियम काढला. माणसं खोटी वागतात कारण आपण त्यांना विचारतो. म्हणून आता विचारायचंच नाही. नुसतं बघायचं. कॅमेरा लावायचा, कोपऱ्यात बसायचं, आणि लोकांना सांगायचं की तुम्ही तुमचं काम करा, मी इथं नाहीच असं समजा. हा नियम तिला इतका आवडला की तिने तो एका वहीच्या पहिल्या पानावर लिहिला आणि खाली दोन रेघा मारल्या.

तिसरा सिनेमा या नियमाने होणार होता. तो पडला असता तर चौथा कुणी करू दिला नसता, हे तिला ठाऊक होतं. मग दिग्रसला चुलत भाऊ अनिकेतचा लग्नाच्या शूटिंगचा धंदा होताच. अनिकेत चांगला होता, ताई ताई करायचा, आणि दर दिवाळीला भाऊबीजेच्या ताटासमोर बसून म्हणायचा, ताई, माझ्याकडे दुसऱ्या कॅमेऱ्याची जागा अजून रिकामीच आहे बरं का.

दोन हजार सहा साल होतं. कापसाची ती वाईट वर्षं, शेतकऱ्यांच्या आत्महत्यांची. यवतमाळ जिल्ह्यात तेव्हा एसटीपेक्षा टीव्हीच्या गाड्या वेळेवर यायच्या. वर छत्री लावलेली गाडी गावात शिरली की गावाला कळायचं, आज कोणत्या ओट्यावर बसवणार. काही गावांत तर लोक स्वतःच विचारायचे, साहेब, रडायचं का नुसतं खाली पाहायचं. मितालीला याची चीड यायची. ती इथलीच होती. तिला वाटायचं, ही गाडीवाली माणसं येतात, विचारतात आणि जातात. आपण येऊ, बसू आणि विचारणार नाही.

म्हणून तिने एक तांडा शोधला, जिथे गाडी पोचतच नव्हती. दिग्रसच्या पुढे डांबरी रस्ता संपतो, त्यानंतर मुरूम, त्यानंतर नाला, आणि नाल्यापलीकडे बंजाऱ्यांची पन्नासेक घरं. दिल्लीच्या एका संस्थेने सिनेमाला पैसा द्यायचं कबूल केलं होतं. मिताली दसरा झाल्यावर तिथे जाऊन पोचली आणि तांड्याचे नाईक खेमसिंग यांना भेटली. नाईक म्हणजे तांड्याचा कर्ता माणूस, त्याचा शब्द मोडायचा नाही. मितालीने त्यांना तिचा नियम समजावून सांगितला. कुणी माझ्याशी बोलू नये, कॅमेऱ्याकडे बघू नये, मी नाहीच असं समजा. खेमसिंग यांनी पूर्ण ऐकून घेतलं, मिशीवरून हात फिरवला आणि म्हणाले, होऊन जाईन.

दुसऱ्या दिवसापासून तांडा गप्प झाला.

मितालीला हंसाबाई पहिल्याच दिवशी सापडली. पन्नाशीची, काटक, ताठ बाई. जुन्या बायका घालतात तसा आरशांचा ब्लाऊज, दंडावर बांगड्या, आणि कानाच्या वर केसांत अडकवलेली चांदीची घुगरी. गालावर झुलणारी, चालताना बारीक वाजणारी. घरात हंसाबाई, सून आणि पाचवीतली नात अर्पिता. अंगणात एक बाज होती, तिच्यावर कुणी बसत नसे. हंसाबाई रोज पहाटे उठून कापूस वेचायला जायची. त्या वर्षी कपाशीवर लाल्या पडला होता, पानं लाल होऊन गळत होती, आणि एका झाडाला बोंडं कमी अन् काड्या जास्त अशी गत. हंसाबाई काही न बोलता वेचायची. वेचणीच्या पहिल्या दिवशी तिने शेताच्या धुऱ्याजवळ, बांधावर, दगड मांडले, त्यांना दहीभात दाखवला, हात जोडले. ती तेव्हाही बोलली नाही. सून बोलली नाही. नात तर इतकी बोलली नाही की मितालीचं काळीज हललं.

आणि भिंतीवर तो फोटो होता.

फोटोत मिशीवाला एक माणूस, दोन्ही बाजूंना दोन बैल. फोटोला झेंडूचा हार. तो सुकून चॉकलेटी झाला होता तरी कुणी काढला नव्हता. फोटोखाली लिहिलेलं, लखीराम भावसिंग राठोड. मितालीने फोटोकडे बघितलं, मग हंसाबाईच्या गळ्याकडे बघितलं. मंगळसूत्र नव्हतं. कपाळाकडे बघितलं. कुंकू नव्हतं, नुसतं गोंदण. मितालीने मान खाली घातली. तिने काही विचारलं नाही. विचारणं हा तर अपमान झाला असता. तिने फक्त कॅमेरा रिकाम्या बाजेकडे वळवला आणि बराच वेळ तसाच ठेवला.

सिनेमाचं नाव तिथेच ठरलं, 'रिकामी बाज'.

शूटिंग दिवाळीनंतरही चाललं. हंसाबाईची घुगरी मितालीला इतकी आवडली की तिने तिचे जवळून शॉट घेतले. वेचताना, भाकरी थापताना, उन्हात उभी असताना. संपूर्ण सिनेमात बाई बोलत नाही, फक्त तिची घुगरी वाजते, ही कल्पना तिला स्वतःलाच रात्रीतून उठवून बसवायची. संकलनाला ती अनिकेतकडे बसली, कारण दिग्रसमध्ये तसला कॉम्प्युटर त्याच्याकडेच होता. लखीरामचा फोटो आला तेव्हा अनिकेतने विचारलं, ताई, कमळ उमलतं आणि त्यातून फोटो वर येतो असा इफेक्ट आहे, टाकू का. मिताली नाही म्हणाली. तो म्हणाला, बदामातून पण येतो. मिताली पुन्हा नाही म्हणाली. शेवटी काळ्या पडद्यावर पांढऱ्या अक्षरांत एक ओळ टाकायची ठरली, 'लखीराम भावसिंग राठोड यांच्या स्मृतीस'. अनिकेतला ते फार साधं वाटलं, पण त्याने ती टाकली.

फेब्रुवारीत सायबर कॅफेत ईमेल आला. परदेशातल्या एका महोत्सवाने 'रिकामी बाज' निवडला होता. एका विधवेचं मौन, असं मितालीने अर्जात लिहिलं होतं, आणि परीक्षकांनी नेमकं तेच उचललं होतं. या चित्रपटातली शांतता असह्य आहे, असं त्यांनी लिहिलं होतं. मितालीने ईमेलचा कागद कळंबला नेऊन दाखवला. वामनरावांनी चष्मा लावून दोनदा वाचला आणि म्हणाले, "असह्य आहे म्हणतात, अन् तरी बोलावतात?"

मितालीने समजावलं की ही स्तुती आहे. वामनरावांनी मान डोलावली आणि कागद उलटून पाकीट आणि तिकीट कुठे आहे ते बघितलं. ईमेलला तिकीट नसतं, हे त्यांना त्या दिवशी कळलं, आणि ईमेलबद्दलचा त्यांचा आदर तिथेच संपला.

शेवटची प्रत पुढच्या आठवड्यात पाठवायची होती. पण मितालीची एक पद्धत होती. सिनेमात जी माणसं आहेत त्यांना तो सगळ्यात आधी दाखवायचा. बाजारातल्या दलालांनाही तिने दाखवला होता, आणि ते एकमेकांच्या टोप्यांना हसले होते. म्हणून ती अनिकेतला, त्याच्या लग्नातल्या प्रोजेक्टरला आणि त्याच्या जनरेटरला घेऊन तांड्यावर गेली. दोन कडुनिंबांच्या मध्ये मांडवाचं पांढरं कापड ताणून बांधलं. दिवेलागणीला सगळा तांडा जमला. रिकामी बाज उचलून अगदी पुढे ठेवली होती. मितालीला वाटलं, आठवण म्हणून ठेवली असेल.  हंसाबाईला तिने मानाने स्वतःशेजारी, प्रोजेक्टरजवळ बसवलं.

सिनेमा सुरू झाला. तांडा एकदम खूश. प्रत्येक जण पडद्यावर दिसला की खाली त्याच्या नावाने ओरडा व्हायचा. कुणाची शेळी दिसली तरी टाळ्या. मितालीने बांधलेली असह्य शांतता त्या गोंगाटात कुठच्या कुठे गेली, पण तिला राग आला नाही.

तेवढ्यात पडद्यावर एक प्रचंड सावली पडली. कुणीतरी प्रोजेक्टरच्या उजेडातून आडवं चाललं होतं. लोक ओरडले, खाली बस. माणूस वळला आणि उजेड त्याच्या तोंडावर पडला. मिशी होती. डोक्यावर, भुवयांवर, कानांवर कापसाचा भुगा बसला होता, त्यामुळे माणूस पांढराफटक दिसत होता. मितालीच्या आजीने लहानपणी भुताचं जे वर्णन केलं होतं त्यात आणि याच्यात फरक एवढाच, की याच्या हातात जिलबीचा पुडा होता.

तो जाऊन बाजेवर बसला. मग पाय वर घेतले. मग आडवा झाला.

मितालीने मान वळवून हंसाबाईकडे बघितलं. हंसाबाई त्या माणसाकडे बघून, जिलबी आणली का, असं हातानेच विचारत होती. त्याने पुडा वर करून दाखवला.

आता सिनेमाचा बराच भाग शिल्लक होता, आणि त्या सगळ्या भागाच्या शेवटी काळ्या पडद्यावर एक पांढरी ओळ होती. मितालीने घड्याळ बघितलं. तिने लोडशेडिंगची वाट बघितली. त्या वर्षी जिल्ह्यात असा एकही दिवस नव्हता की संध्याकाळी लाईट जायची नाही, आणि त्या दिवशीही ती वेळेवर गेली. घरांतले दिवे विझले. सिनेमा चालूच राहिला. अनिकेतने जनरेटरमध्ये डिझेल तोंडापर्यंत भरलं होतं. ताईचा कार्यक्रम आहे, मध्ये बंद पडला तर कसं दिसेल, असं तो दुपारीच म्हणाला होता.

पडद्यावर फोटो आला, हारासकट. टाळ्या पडल्या. बाजेवरच्या माणसाने झोपल्या झोपल्याच स्वतःच्या फोटोला हात दाखवला. मितालीने हळूच बटणाकडे हात नेला. हंसाबाईने तिचं मनगट धरलं.

"राहू दे ना बाई. अजून हाये वाटते."

पडदा काळा झाला. ओळ आली. तांड्यातल्या अर्ध्या लोकांना वाचता येत नव्हतं, आणि ज्यांना यायचं त्यांना लांबून दिसत नव्हतं, म्हणून नाईकांनी अर्पिताला पुढे बोलावलं. अर्पिता शाळेत धडा वाचतात तशी, बोट वर करून, मोठ्याने वाचायला लागली. लखीराम. भावसिंग. राठोड. यांच्या. स्मृतीस.

स्मृतीस म्हणजे काय, असं मागून कुणीतरी विचारलं. अर्पिताने विचार केला आणि सांगितलं की शाळेत मोठ्या लोकांच्या फोटोखाली असतं ते. मेल्यावर लिहितात.

बाजेवरचा माणूस उठून बसला. "कोण मेलं?"

"आजोबा, तुमी," अर्पिता म्हणाली.

लखीरामने पाय बाजेखाली सोडले. मग त्याने विचारलं, "केव्हा?" तो तसा प्रत्येक गोष्टीची नीट चौकशी करणारा माणूस होता.

सगळा तांडा मागे वळला आणि मितालीकडे बघायला लागला. गुरांच्या बाजारात तिने शेकडो माणसांच्या तोंडासमोर माईक धरला होता. कुणी उत्तराची वाट बघत आपल्याकडे बघतं तेव्हा कसं वाटतं, हे तिला पहिल्यांदा कळलं. तिला टोपी सरळ करावीशी वाटली. टोपी नव्हती. तिने ओढणी सरळ केली. खाकरली. आणि तिच्या तोंडून त्या तांड्यावरचा तिचा पहिला प्रश्न बाहेर पडला.

"मग फोटोला हार काहून घातला?"

यावर पन्नास माणसं एकदम बोलली. इतक्या महिन्यांचं साठलेलं होतं. त्यातून जे हाती लागलं ते असं. तो हार लखीरामला नव्हताच, बैलांना होता. दसऱ्याला वर्षभर जे जे राबलं त्या सगळ्याला हार घालायचा असतो. विळा, फवारणीचा पंप, सायकल, बैल. पण लखीरामचे बैल असे वंगाळ की गळ्यात झेंडूचा हार पडला की एकमेकांचा हार खाऊन टाकतात. लखीरामची याडी, म्हणजे आई, होती तेव्हापासून त्या घरात असाच रिवाज पडला, की हार फोटोतल्या बैलांना घालायचा. ते खात नाहीत.

"अन् हा मधात उभा हाये, त्याले कोण काय करीन," हंसाबाई म्हणाली.

लखीराम दसऱ्यानंतर दिग्रसला जिनिंगमध्ये, कापसातून सरकी वेगळी करायच्या कारखान्यात, कामाला जायचा; मुलगा ऊसतोडीला. कापसाचं असं झालं होतं की एकाने शेत बघायचं आणि एकाने बाहेर राबायचं, हे प्रत्येक घरात होतं. जिनिंगचा हंगाम असेपर्यंत तो तिथेच राहायचा. मितालीने तिथे जे जे रिकामं पाहिलं होतं ते सगळं दिग्रसच्या जिनात होतं.

मिताली म्हणाली, पण मधे एकदाही कसे आले नाहीत. तेव्हा लखीराम म्हणाला, आलतो की, आयतवारी. नाल्यापाशी नाईकांनीच अडवलं. बाईचं शूटिंग चालू हाये, आत नवा माणूस दिसला तर बिघडीन म्हणाले. मी तिथंच भाकर खाल्ली अन् गेलो.

खेमसिंग नाईकांनी यात चुकीचं काय ते कळेना अशा चेहऱ्याने मान हलवली. बाईंनी सांगितलं होतं, कुणी बोलायचं नाही. त्यांनी तांड्यात फिरून बजावलं होतं की बाई असेपर्यंत जो बोलेल त्याला पंचायतीसमोर बसवू. पोरांना तर त्यांनी चिंचेच्या फोकाचा धाक घातला होता. अर्पिताला त्या महिन्यात शाळेत पाठ केलेली कविता म्हणून दाखवायची होती, ती तिने म्हशीसमोर जाऊन म्हटली होती.

परदेशातल्या परीक्षकांना जी शांतता असह्य झाली होती ती ही.

"अन् बाई, तू माह्या घुगरीकडं तर कितीक येळा पाह्यलं," हंसाबाई म्हणाली. तिचा आवाज चढला नव्हता. "एवढी मोठ्ठी करून दाखवली पडद्यावर. नवरा नाही त्या बाईच्या केसात घुगरी राह्यते का? तुमच्यात मंगळसूत्र, आमच्यात घुगरी. दिसली नाही का तुले?"

मितालीला ती दिसली होती. तिने तिच्यावर एक संपूर्ण कॅसेट खर्च केली होती. तिने एवढंच विचारलं नव्हतं, की हे काय आहे.

मग तिने खरं काय ते सांगितलं. सिनेमा परदेशी जायचा आहे, पुढच्या आठवड्यात पाठवायचा आहे, आणि त्यांनी तो निवडला तो हंसाबाई विधवा आहे म्हणून निवडला. नाईकांनी विचारलं, नाही गेला तर. मितालीने सांगितलं, नाही गेला तर दिल्लीचे पैसे थांबतील, आणि मग बहुतेक लग्नाचं शूटिंग. अनिकेतने जनरेटरजवळून मान डोलावली, अगदी सहानुभूतीने.

तांड्याने यावर तिथेच, पडद्यासमोर, विचार केला. तांडा मनाने मोठा होता. कुणाच्या पोटावर पाय यावा असं तिथे कुणाला वाटत नव्हतं. खेमसिंग म्हणाले, की तिकडे लखीरामला वळखते कोण. सिनेमा तिकडे दाखवतील, लोक हळहळतील, घरी जातील. इथे आपल्याला माहीतच आहे, माणूस जिता हाये. मग राहिलाच थोडे दिवस मेलेला तर कुणाचं काय बिघडतं. दोन-तीन जणांनी बरोबर म्हटलं. जिलबीचा पुडा एव्हाना फिरायला लागला होता.

लखीरामने कापूस झटकला. "मले काही तकलीफ नाही," तो म्हणाला. "आठ-पंधरा रोजाची तर गोष्ट हाये. पण फोटो जरा चांगला घ्याचा होता. त्यात बैलच मोठे दिसून राह्यले."

म्हणजे ठरलंच होतं. मितालीने फक्त हो म्हणायचं होतं. तिला एकदम हलकं वाटलं, परीक्षेत आपल्याला येत नसलेला प्रश्न रद्द झाल्यासारखं. तिने नाईकांकडे बघितलं, लखीरामकडे बघितलं, आणि हो म्हणायला तोंड उघडलं.

हंसाबाईने डोक्यावरचा पदर मागे केला. दोन्ही हात वर नेले आणि डाव्या कानावरच्या घुगरीचा आकडा चाचपला.

"मंग हे काढा लागीन," ती म्हणाली. "सिनेमात का अन् इथं का, नवरा गेला त गेला. एकीकडं हाये अन् एकीकडं नाही, असं आमच्यात राह्यत नाही. तूच सांग बाई. काढू?"

कुणी जिलबी खात होतं, त्याने चावायचं थांबवलं. लखीराम बाजेवरून खाली उतरला. आठ-पंधरा दिवसांची गोष्ट त्याला आता तितकी सोपी वाटत नव्हती, हे त्याच्या मिशीवरून कळत होतं. पण विचारलं मितालीला होतं.

हंसाबाई खरंच उत्तराची वाट बघत होती. राग नव्हता, टोमणा नव्हता. बाईला जे लागेल ते करू, अशीच ती दसऱ्यापासून वागत आली होती. ऊन पडेल तिकडे तोंड करून वेच म्हटलं असतं तर तशी वेचली असती.

मितालीने वाकून यंत्रातून तबकडी बाहेर काढली. ती ओढणीत गुंडाळली.

"नका काढू, मावशी," ती म्हणाली. "हा सिनेमा जात नाही."

हंसाबाईने हात खाली घेतले, पदर डोक्यावर ओढला आणि लखीरामला म्हणाली, तोंड धुऊन घे, भूत दिसून राह्यला.

नाईकांना वाईट वाटलं. मग तुमचं कसं, असं त्यांनी दोनदा विचारलं. मिताली म्हणाली, अनिकेतकडे जागा आहे. अनिकेतने लगेच मे महिन्याच्या तारखा सांगितल्या.

जनरेटरमध्ये डिझेल शिल्लक होतं आणि मितालीच्या पिशवीत कोऱ्या कॅसेट. पडद्यावर नुसता पांढरा उजेड पडला होता. मितालीने कॅमेरा काढला, लखीरामला त्या उजेडात उभं केलं आणि वहीच्या पहिल्या पानावरचा नियम मोडला. तिने विचारलं, तुम्हाला स्वतःचं मरण कसं वाटलं. लखीरामने मिशी सरळ केली, खाकरला, आणि 'अध्यक्ष महाशय' म्हणायच्या बेतात होता, तेवढ्यात हंसाबाईने मागून त्याला मधेच तोडलं. मग सून बोलली. मग नाईक बोलले आणि स्वतःच्या हुकमाची हकीगत सांगितली. अर्पिताने कविता म्हटली, सगळी कडवी. लाल्याबद्दल बोलले, जिनातल्या भुग्याने छाती कशी भरते ते बोलले, कापसाच्या भावाबद्दल बोलले, आणि गोरबोलीत, म्हणजे त्यांच्या बंजारा भाषेत, काहीतरी असं बोलले की सगळ्या बायका तोंडाला पदर लावून हसल्या आणि मितालीला कुणी त्याचा अर्थ सांगितला नाही. तिने विचारला, तरीही. कॅसेटी संपल्या तरी तांडा बोलतच होता.

त्याचा सिनेमा झाला. नाव, 'बैल हार खातात'. मितालीने तो महोत्सवाला पाठवून दिला, सोबत खरं काय झालं तेही लिहिलं. महोत्सवाचं उत्तर आलं, मोठं सभ्य. या नव्या आवृत्तीत माणसं फार बोलतात, असं त्यांचं म्हणणं होतं. दिल्लीच्या संस्थेनेही हात काढून घेतला. मितालीने तो उन्हाळा दिग्रस, पुसद आणि उमरखेडच्या मांडवांत काढला. ती दुसऱ्या कॅमेऱ्यावर होती आणि नवरीला मधूनच विचारायची, तुला कसा वाटतो गं हा. त्यामुळे एका लग्नात बराच गोंधळ झाला, पण ती वेगळी गोष्ट.

'बैल हार खातात' दिग्रसच्या टॉकीजमध्ये एका रविवारी सकाळी दाखवला. तांडा ट्रॅक्टरमधून आला. जिनातली माणसं आली. विमलताई पूर्ण वेळ जाग्या होत्या, आणि बाहेर आल्यावर म्हणाल्या, की काही शांतता म्हणून नाही बाई तुझ्या सिनेमात.  वामनरावांनी त्या रविवारचं टॉकीजचं तिकीट जपून खिशात ठेवलं आणि घरी जाऊन संग्रहात चिकटवलं. ते पोस्टाचं नव्हतं.

पुढच्या दसऱ्याला मिताली तांड्यावर गेली. पावसाळ्याआधी नाल्यावर पूल आणि तांड्यापर्यंत रस्ता झाला होता. हंसाबाईच्या भिंतीवर बैलांच्या फोटोशेजारी आता आणखी एक फोटो होता. अनिकेतने कडुनिंबांखालच्या त्या संध्याकाळी काढलेला. मितालीच्या हातात कॅमेरा, आणि तोंड प्रश्न विचारताना उघडं राहिलेलं. त्याच्यावर ताजा झेंडूचा हार. वर्षभर राबलीस ना, हंसाबाई म्हणाली, मग तुले नाही का घालाचा. मिताली फोटोकडे बराच वेळ बघत राहिली, आणि मग मागच्या गोठ्यात बैलांचं काय चाललंय ते बघायला गेली. बैल एकमेकांचे हार खात होते. या वर्षी नातीच्या हट्टाने त्यांनाही घातले होते.

ती गोठ्यात असतानाच बाहेर गाडी थांबली. वर छत्री असलेली. रस्ता झाला होता, त्यामुळे ती येणारच होती. एक तरुण पोरगा हातात माईक घेऊन उतरला, घरात आला, भिंतीकडे बघितलं आणि त्याचा आवाज एकदम खाली गेला. त्याने चपला दाराशी काढल्या. मितालीच्या फोटोसमोर हात जोडले. कॅमेरावाल्याला हाताने खूण केली की हार जवळून घे.

मिताली गोठ्याच्या दारात येऊन उभी राहिली आणि बोलायला तोंड उघडलं. हंसाबाईने तिला डोळ्यानेच थांबवलं.

"थांब," ती हळूच म्हणाली. "पाहू दे, इचारते का."

पोराने विचारलं नाही. तो सभ्य घरचा होता. त्याला हंसाबाईची घुगरी मात्र फार आवडली, आणि तिचा त्याने जवळून शॉट घ्यायला लावला. मग तो अंगणात आला. बाजेवर लखीराम बसला होता, त्याचं जिन अजून सुरू व्हायचं होतं. पोराने त्याला अदबीने विनंती केली, काका, जरा उठता का, रिकामी बाज चांगली दिसते.

लखीराम उठला आणि कुठे उभं राहायचं ते त्याला आता माहीत असल्यामुळे, सरळ नाल्याकडे चालू लागला.